पाण्यातल्या सूर्यावर आधी आक्षेप घ्या

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही कादंबरी लिहिताय. तिच्यात नागपूरच्या नाग नदीच्या काठी काही शतकं टिकून राहिलेली एक काल्पनिक दर्शनपरंपरा, म्हणजे तत्त्वज्ञानाची परंपरा, आहे. ‘पाण्यात उतरलेला प्रकाश म्हणजेच चैतन्य’ हे तिचं मूळ तत्त्व, आणि तिची बारा सूत्रं तुम्ही स्वतः रचली आहेत. ज्यांना वाचायला दिली त्यांना ती सुंदर वाटली, पण खरी वाटली नाहीत. कुठे चुकतंय, असं तुम्ही विचारलंय.

मी नागपुरात ३१ वर्षं भारतीय दर्शनं शिकवली. तुमची सूत्रं तीनदा वाचली. भाषा छान आहे, नाद आहे. अडचण एकच आहे, पण ती मुळातली आहे. तुमच्या परंपरेत कुणी कुणाशी भांडतच नाही. बाराच्या बारा सूत्रांत एकही ‘पण’ नाही. आपल्याकडे दर्शन म्हणून जे काही उभं राहिलं, ते आक्षेपांना उत्तरं देत देत उभं राहिलं. पूर्वपक्ष, म्हणजे विरोधकाची बाजू, नसेल तर जे हाती उरतं त्याला सुविचार म्हणतात.

पाण्यातल्या सूर्याचंच उदाहरण घेऊ, कारण तुमची सगळी मांडणी त्यावर आहे. ही उपमा जुनी आहे. वेदान्ताचा मूळ सूत्रग्रंथ असलेल्या ब्रह्मसूत्रांच्या तिसऱ्या अध्यायाच्या दुसऱ्या पादात अठरावं सूत्र येतं, ‘अत एव चोपमा सूर्यकादिवत्’. एकच सूर्य वेगवेगळ्या पाण्यांत वेगवेगळा दिसतो, तसा एकच आत्मा. इथवर तुम्ही आणि सूत्रकार बरोबर चालत आहात. आता लगेच पुढचं सूत्र बघा. ‘अम्बुवदग्रहणात्तु न तथात्वम्’. पाण्यासारखं काही इथे सापडत नाही, म्हणून हे तसं नाही! शंकराचार्यांनी भाष्यात हा आक्षेप उलगडलाय. सूर्याला आकार आहे, तो पाण्यापासून दूर आहे, पाणीही डोळ्यांना दिसणारी वस्तू आहे; म्हणून प्रतिबिंब पडतं. आत्म्याला आकार नाही, तो सर्वत्र आहे, त्याच्यापासून दूर असं काहीच नाही. मग तो पडणार कशात आणि कुठून?

म्हणजे उपमा मांडून एक श्वास घेतला नाही तोवर सूत्रकारानेच तिच्यावर घाव घातला. त्या सूत्रातला ‘तु’ हा शब्द मी वर्गात फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहायचे. एका अक्षराचा शब्द, पण दर्शनाचा प्राण तिथे आहे. विसाव्या सूत्रात उत्तर येतं. पाणी वाढलं की प्रतिबिंब वाढतं, आटलं की लहान होतं, हललं की हलतं, आणि सूर्याला यातलं काहीच होत नाही. उपमा एवढ्यापुरतीच घ्यायची. दृष्टांत आणि ज्याच्यासाठी तो दिला ती गोष्ट सगळ्या अंगांनी सारखी कधीच नसते. असती तर ती दोन राहिलीच नसती. सूत्रकाराने आपल्या उपमेची हद्द स्वतः आखून दिली. तुमच्या बारा सूत्रांत उपमेची हद्द कुठेच आखलेली नाही. म्हणून वाचणाऱ्याला ती हातातून निसटल्यासारखी वाटते.

आणि भांडण तिथे संपलं नाही. पुढची कित्येक शतकं अद्वैत्यांच्या घरातच ते चालू राहिलं. वाचस्पतिमिश्रांची भामती, म्हणजे शंकराचार्यांच्या भाष्यावरची टीका, म्हणते, ज्याला रूप नाही त्याचं प्रतिबिंब पडू शकत नाही. त्यापेक्षा घटातलं आकाश घ्या, मडक्याने वेगळं केलेलं. याला अवच्छेदवाद म्हणतात. विवरण नावाच्या दुसऱ्या टीकाग्रंथाच्या बाजूचे विचारतात, रूप नसलेल्याचं प्रतिबिंब पडत नाही असं कोण म्हणतं? गुडघाभर पाण्यात वाकून बघा, आभाळ किती खोल दिसतं! पाणी गुडघाभर आणि खोली आभाळाएवढी, ही खोली आली कुठून? मला हा युक्तिवाद अजून थक्क करतो. पावसाळ्यात डबक्यात वाकून बघणारं प्रत्येक लहान मूल हे बघतं, आणि त्या अनुभवावर एक अख्खा पक्ष उभा आहे. त्यातही आणखी फाटे आहेत. विवरणवाले म्हणतात, प्रतिबिंब हे बिंबच, म्हणजे मूळ वस्तूच, आहे, फक्त त्याचं वेगळेपण खोटं. शंकराचार्यांचे शिष्य सुरेश्वर यांच्या आभासवादात प्रतिबिंबच मिथ्या. सांख्यांमध्येही हाच तंटा आहे. बुद्धीत पुरुषाचं, म्हणजे शुद्ध चैतन्याचं, प्रतिबिंब पडतं इतकंच वाचस्पती मानतात. सोळाव्या शतकातला विज्ञानभिक्षू म्हणतो, बुद्धीचंही पुरुषात पडतं, दोन आरसे समोरासमोर.

चौदाव्या शतकातली पंचदशी, हा अद्वैताचाच ग्रंथ, तुम्ही जरूर वाचा, निदान सहावं प्रकरण. तिथे पाण्याने भरलेलं एक मडकं घेऊन आकाशाचे चार प्रकार केले आहेत. मडक्यातलं घटाकाश, बाहेरचं महाकाश, मडक्यातल्या पाण्यात पडलेलं जलाकाश, आणि ढगांतल्या पाण्यात पडलेलं अभ्राकाश. कूटस्थ (आतला न बदलणारा साक्षी), ब्रह्म, जीव आणि ईश्वर अशी त्यांची जोडी लावलेली आहे. ढगातलं पाणी आपल्याला दिसत नाही, पाऊस पडतो म्हणून ते असलं पाहिजे असं अनुमान करतो; ईश्वराचंही तसंच. बघा, उपमेचा प्रत्येक भाग काही ना काही काम करतोय. तुमच्या चौथ्या सूत्रात ‘मेघ हे निद्रेचे जल’ असं आहे. ऐकायला गोड आहे. पण या मेघावाचून तुमच्या परंपरेचं काय अडतं? काही अडत नसेल तर तो मेघ काढून टाका.

आता दुसरी गोष्ट, जी कादंबरीकार म्हणून तुम्हाला जास्त उपयोगी पडेल. हाच पाण्यातला चंद्र बौद्धांकडेही आहे. उपनिषदातला ‘जलचन्द्रवत्’ हा शब्द म्हणतो, चंद्र एक, पाणी अनेक, म्हणून भूतात्मा, सगळ्या प्राण्यांतला आत्मा, एक. महायानाच्या ग्रंथांत उदकचंद्र येतो तो नेमकं उलटं सांगायला: दिसतो खरा, पण हाती धरावं असं त्यात काही नाही. तळं एक, चंद्र एक, आणि काठावर बसलेले दोघे विरुद्ध निष्कर्ष घेऊन उठतात. रामटेकजवळच्या एका टेकडीला आपल्याकडचे लोक शून्यवादी बौद्ध आचार्य नागार्जुनाचं नाव जोडतात. तुमची परंपरा नागपूरच्या आसपास वाढली असेल तर तिला नागार्जुनाच्या माणसांचा सामना न करता शतकं काढता आली असं मी मानणार नाही. आणि तो सामना सोपा नाही. तुमचं पहिलं सूत्र म्हणतं, ‘प्रकाश स्वतःला उजळतो.’ दिवा स्वतःला आणि इतरांना उजळतो, हा फार जुना युक्तिवाद. मूलमध्यमककारिका या आपल्या ग्रंथाच्या सातव्या प्रकरणात नागार्जुन विचारतो, उजळणं म्हणजे अंधार घालवणं ना? मग दिव्यात अंधार कुठे आहे, जो त्याने घालवावा? इथे तुमचं पहिलं सूत्रच पडतं. पडू द्या. त्या पडण्यातूनच तुमची परंपरा काहीतरी नवं शिकेल आणि तिचं दुसरं सूत्र तयार होईल.

काश्मिरी शैवांनी यावर एक उत्तर शोधलं होतं, आणि मला ते सगळ्यांत धारदार वाटतं. दहाव्या शतकातले उत्पलदेव म्हणतात, नुसता प्रकाश पुरेसा नाही. स्फटिकही समोरच्या वस्तूचा रंग घेऊन झळाळतो, पण त्याला त्याचं काहीच नसतं. प्रकाशाला स्वतःची जाणीव हवी, त्याला ते विमर्श म्हणतात. हाच आक्षेप मी तुमच्यावर घेते. नागपूरच्या फुटाळा तलावावर रोज संध्याकाळी सूर्य उतरतो. पाण्यात प्रकाश आहे, पाणी आहे. मग फुटाळा जागा आहे का? त्याला सूर्य दिसतो का? ‘पाण्यात उतरलेला प्रकाश म्हणजे चैतन्य’ एवढंच तत्त्व असेल तर हो म्हणावं लागेल. नाही म्हणायचं असेल तर तिसरं काहीतरी लागेल, आणि ते काय हे तुमच्या परंपरेला सांगावं लागेल. संध्याकाळी चौपाटीवर बसलेला कुणीही माणूस हा प्रश्न विचारू शकतो. तुमच्या बारा सूत्रांत त्याचं उत्तर नाही.

पाण्याबद्दल थोडं जास्त बोलते. तुमच्या सूत्रांतलं पाणी नेहमी निवांत आहे. स्वच्छ, निश्चल, आरशासारखं. हे पाणी नागपूरचं नाही. आपलं पाणी मे महिन्यात आटतं, तळाची भेगाळलेली माती उघडी पडते. आणि २०२३ च्या सप्टेंबरात, २२ तारखेच्या रात्री, काही तासांत शंभर मिलिमीटरच्या वर पाऊस झाला, अंबाझरी तलाव ओसंडून वाहिला आणि नाग नदीकाठच्या वस्त्यांत लोक झोपेतून उठले ते पाण्यात. माझ्या एका मैत्रिणीच्या घरात कमरेपर्यंत पाणी होतं. तिच्या वडिलांच्या पोथ्या, तीन पिढ्यांच्या, चिखलाचे गोळे होऊन बाहेर आल्या. सकाळी त्याच पाण्यावर ऊन पडलं होतं, चकाकत होतं. त्या चकाकीला चैतन्य म्हणायला माझी जीभ वळत नाही. तुमच्या परंपरेतल्या आचार्याची वळते का? वळत असेल तर कशी, हे मला वाचायला आवडेल. नदीकाठी शतकानुशतकं राहिलेल्या माणसांचं दर्शन पुराबद्दल गप्प बसणार नाही.

पाणी म्हणजे नुसता प्रकाश झेलणारा पृष्ठभाग, हा समजही आपल्या परंपरेचा नाही. छांदोग्य उपनिषदाच्या सहाव्या अध्यायात उद्दालक आपल्या मुलाला, श्वेतकेतूला, सांगतो की तेजापासून पाणी झालं. म्हणून माणूस तापला की घामाघूम होतो. आपल्या मे महिन्यात हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. पुढे तो म्हणतो, खाल्लेल्या अन्नाचा सूक्ष्म भाग मन होतो, प्यायलेल्या पाण्याचा प्राण, आणि तेजाची वाणी. मुलगा म्हणतो, आणखी समजावून सांगा. तेव्हा बाप त्याला पंधरा दिवस उपाशी ठेवतो, फक्त पाणी पी म्हणतो. पंधरा दिवसांनी मुलगा जिवंत आहे, पण पाठ केलेली एकही ऋचा त्याला आठवत नाही. मग जेवतो, आणि सगळं परत येतं. काजव्याएवढा निखारा उरलेला असतो, त्यावर गवत घातलं की पुन्हा पेटतो, तसं. पाण्याने जीव राहतो, स्मरण राहत नाही. तुमच्या मूळ तत्त्वावर याहून थेट आक्षेप मला सापडत नाही, आणि तो घेण्यासाठी एका मुलाने पंधरा दिवस पोट रिकामं ठेवलंय. तुमच्या परंपरेत असा एखादा प्रयोग आहे का? नसेल तर घाला. फक्त विधानं केलेली परंपरा वाचकाला ऐकीव वाटते, कुणाच्या तरी अंगावरून गेलेली परंपरा खरी वाटते.

प्रयोगावरून आठवलं. नागपूरच्या गांधीसागर तलावाजवळचं रमण विज्ञान केंद्र तुम्ही शाळेत असताना पाहिलं असेल. चंद्रशेखर वेंकट रमण यांनी १९२१ साली समुद्रप्रवासात भूमध्य समुद्राची निळाई पाहिली. तोवर रेलींसारख्या मोठ्या शास्त्रज्ञाचं म्हणणं असं होतं की समुद्राचा निळा रंग म्हणजे आभाळाचं प्रतिबिंब. रमण यांनी निकोल प्रिझम, म्हणजे ठरावीक दिशेने कंप पावणारा प्रकाशच जाऊ देणारा स्फटिक, डोळ्यांसमोर धरून पृष्ठभागावरून परावर्तित होणारा प्रकाश अडवला. निळाई जायला हवी होती. ती गेली नाही, उलट अधिक गडद दिसली. त्यांनी मांडलं की पाण्याचे रेणू स्वतःच प्रकाश विखुरतात. पाणी तांबडा प्रकाश शोषून घेतं, हे निळाईचं मुख्य कारण आज मानलं जातं. म्हणजे पाण्यात ‘पडलेला’ प्रकाश निराळा आणि पाण्याने ‘आतून केलेला’ प्रकाश निराळा. तुमच्या परंपरेत हे दोन पंथ होऊ शकतात. पृष्ठवादी आणि गर्भवादी म्हणा, किंवा काठावरच्या माणसांच्या तोंडी शोभतील अशी साधी नावं द्या, वरचे आणि आतले. प्रिझमची गरजही नाही. तलावाच्या काठावर उभं राहा. पायाजवळ सरळ खाली बघितलं तर तळाचे दगड दिसतात, कारण तिथे जेमतेम दोन टक्के प्रकाश परत फिरतो, बाकीचा पाण्यात शिरतो. मान उचलून दूर बघा, तिरक्या नजरेला तळ दिसेनासा होतो आणि नुसतं आभाळ उरतं. पाणी तेच, माणूस तोच. बघण्याचा कोन बदलला की एक पंथ जिंकतो, दुसरा हरतो. हे तुमच्या नायकाला कळायला शंभर पानं लागू द्या.

एका गोष्टीबद्दल मला स्पष्ट बोललं पाहिजे. तुमच्या सूत्रांत सगळे जण तलावाकाठी बसून ध्यान करतात. पण त्या काठावर कोणाकोणाला बसू दिलं होतं? २० मार्च १९२७ ला महाडच्या चवदार तळ्याचं पाणी पिण्यासाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना सत्याग्रह करावा लागला. १४ ऑक्टोबर १९५६ ला आपल्याच गावात, दीक्षाभूमीवर, त्यांनी बुद्धाचा धम्म स्वीकारला. नागपुरात राहून पाण्यावर दर्शन रचायचं आणि पाण्याला कोण शिवू शकत होतं हे विचारायचं नाही, हे चालणार नाही. माझ्या वर्गात प्रतिबिंबवाद शिकवताना एका विद्यार्थिनीने विचारलं होतं, ‘मॅडम, सगळ्या पाण्यात सूर्य सारखाच पडतो म्हणता, मग पाणी वेगळं का ठेवलं?’ मी त्या दिवशी तास पुढे नेला नाही. त्याच प्रश्नावर बोलत राहिलो सगळे. ‘सूर्य सगळ्या पाण्यांत समान’ हे तुमचं नववं सूत्र आहे. ते म्हणणारा आचार्य कोणत्या विहिरीचं पाणी प्यायचा, हे कादंबरीत यायला हवं. तिथेच परंपरा दुभंगली असेल, आणि दुभंगली म्हणूनच जिवंत राहिली असेल.

ज्ञानेश्वरांबद्दल तुम्ही विचारलंय, त्यांना परंपरेचे पूर्वज दाखवू का म्हणून. नका दाखवू. काल्पनिक परंपरेला खऱ्या संताच्या नावाने वडिलकी देऊ नये, आणि सूत्रंही कादंबरीबाहेर सुटी फिरू देऊ नका. फोनवर आठवड्याभरात ती ‘प्राचीन’ होतील. पण त्यांच्याकडून शिका मात्र. चांगदेव पासष्टीत ते म्हणतात, तरंगांची चोळी न उतरवताही पाणी उघडंच असतं. आधी लाटा थांबवा, मग पाणी दिसेल, असं सांगणाऱ्या सगळ्यांना ते एका ओवीत उत्तर देतात. तुमच्या सहाव्या सूत्रात ‘जल स्थिरावले की सत्य प्रकटते’ असं आहे. ती ओवी समोर ठेवा आणि तुमचा आचार्य काय उत्तर देतो ते लिहून बघा. मला वाटतं तो दोन दिवस बोलणार नाही.

लिहिताना दोन गोष्टी करा. सूत्रांची भाषा कोरडी करा. खरं सूत्र ऐकायला सुंदर नसतं. ते अर्धवट असतं, क्रियापद नसतं, भाष्याशिवाय कळत नाही. सौंदर्य दृष्टांतांना द्या, आणि तेही भाष्यकाराच्या तोंडून. दुसरं, विरोधकाला मूर्ख करू नका. पूर्वपक्ष इतका भक्कम हवा की तुमचं तुम्हालाच रात्री झोप लागू नये. तुमच्या हस्तलिखितात ती ढिवराची, म्हणजे मासेमाराची, मुलगी आहे ना, जिला तुम्ही फक्त एका प्रसंगात नाव वल्हवायला ठेवलंय, तिला पूर्वपक्ष द्या. पाणी तिच्याइतकं कुणीच ओळखत नाही. मी लहान असताना तलावावर एका म्हाताऱ्या ढिवराने मला शिकवलं होतं, ‘ऊन पडलं का वरचंच दिसते, माय. हातानं सावली कर, मंग खालचं दिसते.’ मी हात आडवा धरला, आणि जिथे नुसती चकाकी होती तिथे शेवाळ, शिंपला आणि एक मासोळी दिसली.

तुमच्या बारांपैकी सातवं सूत्र मात्र ठेवा: ‘प्रकाशाशिवाय जल अंध.’ आणि त्या मुलीला नावेत बसल्या बसल्या हात आडवा धरून आचार्याला विचारू द्या: गुरुजी, मी आत्ता उजेड अडवला. मग तळ आत्ताच कसा दिसायला लागला?